अकोंकाग्वा माझ्याकडे आहे

नांदेड
शनिवार, ११ जानेवारी १९८६

मुख्याध्यापिका यांस,
विषय : दक्षिण अमेरिका खंड उद्ध्वस्त केल्याबाबत.

महोदया,

काल, शुक्रवार, दिनांक १० जानेवारी १९८६ रोजी, सकाळी दहा वाजून दहा मिनिटांनी आपल्या शाळेच्या पटांगणात एका ट्रॅक्टरने अँडीज पर्वत ओलांडला. ओलांडला हा शब्द मी सौजन्याने वापरते आहे. पुढे लोखंडी फळी लावलेली होती. वेळ माझ्या मनगटावरच्या घड्याळातली आहे. शाळेचं घड्याळ मी निवृत्त झाले तेव्हापासून बंद आहे आणि ते चालू करावं असं कोणाला वाटलेलं दिसत नाही.

आपल्याला सगळं ठाऊक आहे, पण दप्तरी नोंद राहावी म्हणून लिहिते. पटांगणातला तो जगाच्या पर्वतांचा नकाशा बहात्तरच्या दुष्काळात तयार झाला. मी भूगोल शिकवत होते, आपण चित्रकला. मुली आयांबरोबर सडकेच्या कामावर खडी फोडायला जात होत्या आणि शाळेत जेमतेम वर्गभर उरल्या होत्या. संध्याकाळी परतताना प्रत्येकीने ओच्यातून एकेक दगड आणला. त्याच काळ्या दगडांचे रॉकी, आल्प्स, अॅटलास, उरल, कॉकेशस, हिंदुकुश झाले. मी उंचीचं माप सांगायची, आपण चुना आणि मुरूम कालवून घडवायचात. समुद्र दोन बोटं खोल, निळीने रंगवलेले. चालायचं ते समुद्रातून. जमिनीवर पाय द्यायचा नाही आणि चपला दक्षिण ध्रुवाच्या खाली काढायच्या. चौदा वर्षं एकाही मुलीने हा नियम मोडला नाही. काल एका ट्रॅक्टरने मोडला.

मी लातुरात एका खाजगी कामासाठी आले होते. वेळ अमावस्येचा दिवस, तुमच्या बोलीत येळवस. त्या दिवशी लातूर कसं असतं हे लातूरकराला सांगायला नको. दुकानं बंद, कचेऱ्या ओस, गावात कुलपं आणि कुत्री. बाकी सगळे कोणाच्या ना कोणाच्या शेतात कडब्याच्या कोपीपुढे आंबील पीत बसलेले. आपण नेमका हाच दिवस निवडलात. साक्षीदार नको होते, दुसरं काय?

ट्रॅक्टरवाल्याचं नाव व्यंकटी. देगलूरकडचा आहे, त्याच्याकडे वेळ अमावस्या नसते. रॉकी संपवून, अँडीज संपवून तो आफ्रिकेकडे वळत होता. मी अटलांटिकमध्ये छत्री उघडून उभी राहिले.

"अम्मा, सरका की जरा. डिझेल जळून राहिलंय."

"हे काय करतोस तू?"

"हेडबाईंनी सांगितलं, हौदासाठी सपाट कर. मी सपाट करून राहिलो."

"अरे, हा जगाचा नकाशा आहे!"

"असंल की. पण टँकर त्याच्यावरून जाईना झालाय."

मी हलले नाही. शेवटी त्याने इंजिन बंद केलं, खाली उतरला आणि फळीपुढचा एक दगड उचलून माझ्या हातात दिला. "घ्या. ह्याच्या टोकाला चुना हाय, नक्षीचा दिसतो. घरी तुळशीपाशी ठिवा."

तो अकोंकाग्वा होता. अँडीजचं सर्वोच्च शिखर. आता तो माझ्याकडे नांदेडला आहे आणि माझ्याकडेच राहील. माझ्या पिशवीत अर्धापूरच्या केळ्यांची एक फणी होती, ती मी व्यंकटीला देऊन टाकली. त्यानंतर दुपारच्या गाडीने नांदेडला परत आले.

आफ्रिका, युरोप, आशिया आणि ऑस्ट्रेलिया अजून उभे आहेत. त्यांना हात लागणार नाही असं आपण मला लेखी कळवावं. आणि हिमालयाच्या खाली जो बालाघाट म्हणून एक दगड आपण माझ्या मनाविरुद्ध रोवून ठेवला आहे तो मात्र अजून शाबूत आहे, हेही माझ्या लक्षात आलं आहे. ज्या नकाशात अरवली नाही, विंध्य नाही, सातपुडा नाही, तिथे बालाघाट! तोही मापाच्या तिप्पट. जग बुडालं तरी आपलं शेत आहे त्या औशाचा दगड टिकला पाहिजे.

कुसुम मार्तंड राजूरकर
(निवृत्त भूगोल शिक्षिका; आपल्याला आठवत असेल तर)


नांदेड
सोमवार, २० जानेवारी १९८६

महोदया,

आपलं टंकलिखित उत्तर मिळालं. जावक क्रमांक आहे, शिक्का आहे, खाली सही आहे. "महोदया, आपल्या दि. ११ च्या पत्राच्या अनुषंगाने कळविण्यात येते की."

कळविण्यात येते! कोणाकडून? आपण तेवीस वर्षं मला अक्का म्हणत होता. उदगीरहून नवीन आलात तेव्हा फळ्यावर ओढलेली रेघ हटकून वाकडी जायची. सगळ्या स्टाफरूममध्ये मी एकटीच होते जिने हसायचं टाळलं. हैदराबादच्या कॉन्व्हेंटमध्ये सिस्टरांनी मला एवढं तरी शिकवलं होतं. मी महोदया लिहिलं कारण मी संतापले होते. आपल्याला काय झालं होतं?

मुद्द्यावर येते. आपण लिहिता की जिल्हा झाल्यापासून कचेऱ्या आल्या, कचेऱ्यांबरोबर कारकून आले, त्यांच्या मुली शाळेत आल्या आणि पट दुप्पट झाला. नळाला मात्र आठवड्यातून एकदा पाणी. टँकर मंजूर आहे, पण ओतायला हौद नाही, म्हणून तो फाटकातूनच परत जातो. पाचवीतली एक मुलगी प्रार्थनेच्या वेळी चक्कर येऊन पडली. आणि "वरच्या वर्गातील मुलींच्या अनुपस्थितीचे कारण आपणास विशद करण्याची आवश्यकता नाही."

नाही. आवश्यकता नाही. मी मुलींच्याच शाळेत आयुष्य काढलं आहे.

हौद हवा. मी हौदाच्या विरुद्ध आहे असं मी कुठे म्हटलं? मी ट्रॅक्टरच्या विरुद्ध आहे. आपण विचारता की पाणी नसताना नकाशा कशाला. त्याच नकाशावर आपण दोघींनी मुलींना पाणी का नाही ते शिकवलं. बहात्तर साली झारीत पाणी नव्हतं, म्हणून आपण घरून सूप आणि ज्वारीचा कोंडा आणलात. मी सह्याद्रीच्या पश्चिमेला बसून सुपाने वारा घालायची. कोंडा सगळा डोंगराच्या अलीकडे पडायचा. पलीकडे, आपल्या बाजूला, चार कण. मग मुलींना अँडीजपाशी न्यायची. तिथे वारा उलट्या बाजूने, पूर्वेकडून. कोंडा अॅमेझॉनच्या बाजूला पडायचा आणि पश्चिमेला अटाकामाचं वाळवंट कोरडं राहायचं. ज्या मुलीची आई म्हणायची गावाला शाप लागलाय, त्या मुलीने घरी जाऊन सांगितलं, शाप नाही आई, सह्याद्री आहे. हे मी बनवून सांगत नाही. तिने दुसऱ्या दिवशी ते येऊन सांगितलं तेव्हा आपण कोंडा धरून शेजारी उभ्या होतात आणि डोळ्याला पदर लावला होतात.

आता आपल्याच घरचं बघ. कोपीवर यंदा कडबासुद्धा धड नव्हता, जनावरांनाच पुरत नसणार. त्या घरची बाई मला लिहिते की पर्वत शिकवायला पुस्तकातली चित्रं पुरेशी आहेत! चित्रातल्या डोंगरावर कोंडा उधळून बघ एकदा, शांता.

मी हे पत्र लिहिताना रेणुकादास समोर बसून वर्तमानपत्र वाचतो आहे. भाऊ असला तरी त्याला भूगोलाचं काही नाही. म्हणतो, "ताई, दक्षिण अमेरिका गेली तर गेली. तुझं तिथे कोण राहतं?" मी त्याला चहा दिलेला नाही.

हौद कुठे बांधायचा याचा नकाशा मला पाठवा. तो न बघता आफ्रिकेला हात लावाल तर मी येऊन पुन्हा उभी राहीन. माझी छत्री अजून चांगली आहे.

कु. मा. राजूरकर


नांदेड
बुधवार, २९ जानेवारी १९८६

शांता,

तुझं आंतर्देशीय पत्र आलं. शिक्का नाही, जावक क्रमांक नाही, तुझ्या हातचं अक्षर. म्हणून तू म्हणते आहे. मनातला राग गेला असं समजू नकोस.

तू लिहितेस : "साक्षीदार नको होते म्हणून मी तो दिवस धरला, असं तुम्ही म्हणता. अक्का, तुम्ही इतकी वर्षं येळवशीला आमच्या शेतात जेवलात आणि एवढं तुमच्या ध्यानात आलं नाही? वर्षाचे बाकी सगळे दिवस ट्रॅक्टर पाण्याच्या टाक्या ओढतोय, नाहीतर तलावाच्या कामावर माती. भाड्याने मागितला तर मालक हसतो. येळवशीला कोणी रानात औत घालत नाही, म्हणून तेवढा एक दिवस तो मोकळा. मालकाने फुकट दिला. शाळेला हौद बांधायला सिमेंट मिळालंय, सपाट करायला पैसा नाही."

बरं. हे माझ्या ध्यानात यायला हवं होतं. आलं नाही. पुढे.

"व्यंकटीला मी सांगितलं होतं, पश्चिमेकडून सुरू कर आणि बालाघाटापाशी थांब. तेवढा मी हाताने काढणार होते."

हे वाचून मी पत्र खाली ठेवलं आणि पाणी प्याले. म्हणजे तुझ्या त्या ढेकळासाठी ट्रॅक्टर थांबणार, आणि माझ्या अकोंकाग्वासाठी नाही? अँडीज ही जगातली सर्वांत लांब पर्वतरांग आहे, शांता. तुझा बालाघाट लातूरहून बसमध्ये बसलं तर डुलकी लागेपर्यंत संपतो.

मग तू विचारतेस : "कोपीवर कडबा नव्हता हे तुम्हाला कोणी सांगितलं?"

कोण सांगणार? अंदाज. दुष्काळात कोणाच्या कोपीवर कडबा असतो? भूगोलाच्या शिक्षिकेला एवढा अंदाज करता येतो. यावर आणखी चर्चा नको.

तू सोबत पाठवलेला हौदाचा नकाशा मी नीट पाहिला. वाचायचा चष्मा लावून, मग रेणुकादासचं भिंग घेऊन. तुझी चित्रकला अजून चांगली आहे, आणि अक्कल मात्र दुष्काळात आटलेली दिसते. हौद तू अटलांटिकमध्ये दाखवला आहेस, मध्यभागी. म्हणजे टँकरला फाटकापासून मध्यापर्यंत दोन्ही अमेरिका तुडवत यावं लागणार, आणि वळायला आफ्रिका. हौद फाटकालगत, पश्चिमेच्या भिंतीशी बांध की! तिथे काय आहे? पॅसिफिक महासागर. जगातला सर्वांत मोठा खड्डा. तिथे एक डोंगर नाही, कोणाचं काही मोडत नाही. टँकर फाटकातच उभा राहील, नळी टाकील आणि जाईल. आणि हौदाच्या काठाला लागून पुन्हा अँडीज उभा करता येईल, कारण तो खरोखर तिथेच आहे, समुद्राच्या काठाला चिकटून. जगात जसं आहे तसंच शाळेत होईल.

तू म्हणशील, तिथे ध्वजस्तंभ आहे. आहे, माहीत आहे. तू आधीच लिहून ठेवलंयस : "स्तंभ हलवायचा तर वरची परवानगी लागते. जिल्हा नवा, साहेब नवे. जुना कागद उस्मानाबादच्या दप्तरात की लातूरच्या, याचाच मेळ लागत नाही. म्हणून मधली जागा धरली."

म्हणजे झेंड्याची काठी चार हात सरकवण्यापेक्षा खंड सरकवणं सोपं वाटलं तुला! प्रजासत्ताक दिन परवाच झाला. पुढचं झेंडावंदन एक मेला. तोवर तीन महिने आहेत. जा साहेबांकडे. माझं नाव सांग. नाव सांगून उपयोग होणार नसेल तर चक्कर आलेल्या त्या मुलीला बरोबर घेऊन जा. स्तंभ दक्षिण ध्रुवावर न्या, चपला काढतात तिथे. निदान झेंड्यापुढे अनवाणी उभं राहायची सवय लागेल सगळ्यांना, साहेबांनाही.

आणखी एक. तेवीस वर्षं डिसेंबर संपता संपता तुझं कार्ड यायचं. "अक्का, येळवस अमुक तारखेला, माझा दीर गुरुलिंग औशाच्या फाट्यावर उभा राहील." यंदा कार्ड आलं नाही. टपालाचा घोळ असेल. टपाल खातं हल्ली वाईट चाललं आहे.

कुसुम


नांदेड
बुधवार, ५ फेब्रुवारी १९८६

शांता,

तुझं कार्ड काल आलं. टपाल खात्यात दोष नाही असं दिसतं.

रेणुकादासने ते माझ्याआधी वाचलं. कार्ड कोणीही वाचतं, म्हणून आंतर्देशीय पाठवावं, हे तुला किती वेळा सांगितलं. त्याने मोठ्याने वाचून दाखवलं : "साहेबांनी स्तंभाला हो म्हटलं. तोंडी. मुलगी बरोबर नेली होती. रविवार, १६ ला समुद्र खणायला घेतो. गुरुलिंग म्हणतो, येळवशीला दुपारी सडकेवरच्या बाभळीखाली काळी छत्री उघडी दिसली, बराच वेळ, मग गेली. मी म्हटलं, अक्का असती तर खाली आली असती. खरं काय ते लिहा."

रेणुकादास म्हणाला, "ताई, दुपारच्या गाडीने आलेली माणसं रात्री नऊला घरी पोचतात हे मला तेव्हाच नवल वाटलं होतं." आज त्याला चहा दिला, तोंड बंद राहावं म्हणून.

हो. मी होते.

व्यंकटीने इंजिन बंद केलं, आणि मी अकोंकाग्वा पिशवीत घालून थेट सोलापूरच्या गाडीत बसले आणि औशाच्या पुढे उतरले. तुला जाब विचारायला. म्हणजे, जाबच विचारायला. सकाळी नांदेडहून मी निघाले तेव्हा जाब विचारायचा नव्हता, केळी द्यायची होती. पण ते आता राहू दे. बोलावणं आलेलं नव्हतं. मी स्वतःला सांगत होते, येळवशीला बोलावणं लागत नाही, वाटेने जाणाऱ्या परक्यालाही हाक मारून बसवतात. ते खरं आहे. पण परक्याने जाणं सोपं असतं. ज्याला दर वर्षी कार्ड येतं आणि एका वर्षी येत नाही, त्याने कसं जावं हे मला कोणी शिकवलेलं नाही.

बाभळीखाली उभी राहिले. तुमचं रान सगळं उघडं. दर वर्षी ज्वारीतून फक्त माणसांची डोकी दिसायची, यंदा माणसं पायापर्यंत दिसत होती. चार काठ्यांची कोपी, वर जुनं लुगडं टाकलेलं. गुरुलिंग पूजेचे पाच पांडवांचे दगड चुन्याने रंगवून मांडत होता. तू वाकून काहीतरी वाढत होतीस. मला वाटलं, इथे सगळे आहेत, मला वगळून. तिकडे शाळेत माझं अर्धं जग गेलं आणि इकडे ही बाई जेवण वाढते आहे. मी वळले आणि परतीची गाडी धरली.

तू आधीच्या पत्राच्या मागच्या बाजूला, समासात, बारीक अक्षरात लिहिलं होतंस, ते मी मुद्दाम मागच्या वेळी बाजूला ठेवलं. "काय खायला बोलावू अक्का? भज्जीच्या भाजीला ओला हरभरा नाही, तूर नाही. बोरं आणली ती बाजारातून. आंबील कालवली ती टँकरच्या पाण्याची. तुमच्यापुढे काय ठेवू?"

शांता, मी तुझ्याकडे तेवीस वर्षं भज्जी खायला येत होते असं तुला वाटतं? तुमच्या घरची भज्जी तिखट असते. मी कधी बोलले नाही.

असो. आता कामाचं.

साहेबांची तोंडी परवानगी मला मान्य नाही. साहेब बदलतात. तोंडी परवानगीवर समुद्र खणू नकोस, कागद घे. हौदाला झाकण हवं, नाहीतर पाचवीतल्या मुली वाकून बघतील. अँडीज मी स्वतः येऊन बसवीन, पायथ्याला मुरूम, वर चुना, तुझ्या मापाने नव्हे, माझ्या. ट्रॅक्टरने ढकललेले दगड भिंतीशी पडले असतील ते फेकू देऊ नकोस. रॉकी कोणता आणि अँडीज कोणता ते मी ओळखीन. व्यंकटीला म्हणावं, अकोंकाग्वा तुळशीपाशी ठेवलेला नाही, माझ्या टेबलावर आहे, आणि तो परत येतो आहे.

बालाघाट आहे तिथे राहू दे. तो मापाच्या बाहेर आहे हे माझं मत कायम आहे आणि मुलींना मी तसं सांगणार. पण चुना पक्का लाव, हलतो तो.

आता शेवटचं, आणि याला उत्तर पाहिजे. तू म्हणतेस, अक्का असती तर खाली आली असती. मग त्या दिवशी कोपीपुढे माझं ताट मांडलेलं होतं की नव्हतं? सडकेवरून ते दिसत नव्हतं. मी फार वेळ बघितलं. डोळे आता तेवढे चांगले नाहीत.

हो किंवा नाही. लेखी. कार्डावर नको, रेणुकादास वाचतो. शनिवार, १५ फेब्रुवारी १९८६ रोजी संध्याकाळी पाचच्या टपालाच्या आत पोचलं पाहिजे, कारण रविवारी पहाटेच्या लातूरच्या गाडीत बसायचं की नाही ते मला त्यावरून ठरवायचं आहे. दगड जड आहे, उगाच नेऊन परत आणणार नाही.

आणि वर महोदया लिहिलंस तर पाकीट न फोडता परत पाठवीन.

अक्का